मुधोळचा शिकारी कुत्रा

बंगळूरच्या कस्तुरबा मार्गावरील सरकारी वस्तुसंग्रहालयाच्या संग्रहात एक शिळा आहे. तिच्यावर कोरलेल्या चित्रात राजा नाही, देव नाही, लढाईत पडलेला वीरही नाही. एक कुत्रा आणि एक रानडुक्कर एकमेकांशी झुंजत आहेत आणि सोबत जुन्या कानडीतला लेख आहे. ही शिळा मूळची मंड्या जिल्ह्यातील आतकूर गावची. काळ इसवी सन ९५० च्या सुमाराचा. वेरूळचे कैलास लेणे ज्या राष्ट्रकूटांनी खोदविले, त्याच घराण्यातील तिसऱ्या कृष्णाने आपला मेहुणा गंगराजा बुतुग याला बरोबर घेऊन चोळांवर स्वारी केली, आणि तक्कोलमच्या रणात चोळांचा युवराज राजादित्य मारला गेला. त्या लढाईत मणलेर नावाच्या सरदाराने मोठा पराक्रम केला. प्रसन्न झालेल्या स्वामीने ‘हवे ते माग’ म्हटले, तेव्हा या गृहस्थाने गाव मागितले नाही, हत्ती मागितला नाही. स्वामीचा शिकारी कुत्रा मागितला. काळी हे त्या कुत्र्याचे नाव. पुढे हा काळी एका प्रचंड रानडुकरावर सोडला गेला, दोघेही एकमेकांच्या माराने मेले, आणि मणलेराने आपल्या कुत्र्यासाठी ही शिळा उभारून तिच्या पूजेकरिता जमीन लावून दिली. पुजाऱ्याने शिळेची पूजा केल्यावाचून जेवू नये, अशी व्यवस्थाही लेखात आहे.

श्रोतेहो, आज ज्या कुत्र्याविषयी मी बोलणार आहे तो मुधोळचा शिकारी कुत्रा या काळीचा वंशज आहे, असा दावा मला करायचा नाही. कुत्र्यांच्या वंशावळी राजघराण्यांच्या वंशावळींहून अधिक विश्वसनीय असतात असे समजण्याचे कारण नाही. मला त्या शिळेत दिसते ते दुसरेच. दक्षिणेत एके काळी कुत्रा ही मागून घेण्याजोगी वस्तू होती, आणि ती तिच्या रूपासाठी नव्हे, तिच्या कामासाठी मागितली जात होती. आतकूरच्या शिळेनंतर पावणेदोनशे वर्षांनी, ११२९ च्या सुमारास, कल्याणीच्या चालुक्य राजा सोमेश्वराने ‘मानसोल्लास’ सिद्ध केला. ओवीच्या जुन्या उल्लेखासाठी मराठी वाङ्मयाचे अभ्यासक ज्याचे नाव घेतात, तोच हा ग्रंथ. त्यात राजाच्या करमणुकींमध्ये ‘सारमेयविनोद’ म्हणून कुत्र्यांच्या शिकारीचे प्रकरण आहे. सारमेय म्हणजे सरमेची संतती. सरमा ही इंद्राची कुत्री. तेव्हा हे शास्त्र या पठारावर नवे नव्हे.

मध्ये मात्र असे झाले की, १८०९ साली बंगळूरला इंग्रजांची छावणी वसली आणि साहेबांच्या बरोबर त्यांची कुत्रीही आली. त्यांतला टेरिअर हा फार नामांकित. लॅटिनमध्ये ‘टेरा’ म्हणजे भूमी. कोल्ह्याच्या नि बिज्जूच्या बिळात शिरून त्याला बाहेर ओढणारा, म्हणून हा टेरिअर. अंगाने लहान, स्वभावाने भांडखोर, आणि काम जमिनीच्या पोटातले. आपला मुधोळ नेमका याच्या उलट टोकाचा आहे. त्याचे काम जमिनीच्या पाठीवरचे, उघड्या माळावरचे. तो वासाच्या मागावर जात नाही. दूरवर काही हलले की त्याला दिसते, आणि दिसले की तो सुटतो. साहेबाच्या कुत्र्याचे पुस्तक होते, वंशावळ होती, १८७३ पासून विलायतेत त्याची नोंद ठेवणारी संस्था होती. आमच्या कुत्र्याचे पुस्तक नव्हते. तो बेडराच्या झोपडीपुढे, धनगराच्या वाड्यावर, शेतकऱ्याच्या गोठ्यात वाढत होता, आणि जो धावेल तोच पोसला जाईल, हा एकच नियम त्याच्या निवडीला लागू होता. माझ्या मते या नियमाने जे घडवले ते कोणत्याही पुस्तकाने घडवले नसते.

मुधोळ हे गाव आज कर्नाटकाच्या बागलकोट जिल्ह्यात, घटप्रभेच्या खोऱ्यात आहे. बंगळूरपासून सुमारे ५०० किलोमीटर. कानडी भाषक त्याला महाकवी रन्नाचे गाव म्हणून ओळखतात. मराठी माणसाला ते आठवते ते घोरपड्यांमुळे, आणि ती आठवण गोड नाही. १६४८ च्या जुलैत जिंजीच्या वेढ्याच्या वेळी शहाजीराजांना कैद करणारा बाजी घोरपडे हा मुधोळचा. त्या वेळी शहाजीराजांचे बिऱ्हाड बंगळूरला होते. १६३८ पासून ही त्यांची जहागीर. पुढे शिवाजीमहाराजांनी मुधोळवर चालून जाऊन बाजीचा निकाल लावला, आणि त्याच वर्षी, १६६४ च्या जानेवारीत, शहाजीराजे चन्नगिरीजवळ होदिगेरे येथे शिकारीत घोड्यावरून पडून वारले. त्या काळच्या सरदाराच्या आयुष्यात शिकार ही चैन नव्हती. घोड्याची मांड, माळाची ओळख आणि माणसांची पारख या तिन्ही गोष्टी तीत होत असत, आणि धावणारा कुत्रा हा त्या व्यवहाराचा एक अवयव होता.

परंतु कुत्र्याचे श्रेय राजवाड्याला देण्याआधी झोपडीकडे पाहिले पाहिजे. मुधोळ संस्थानचे राजे मालोजीराव घोरपडे यांनी विसाव्या शतकाच्या प्रारंभी या जातीकडे लक्ष दिले, निवडक पैदास करवून घेतली, आणि इंग्लंडच्या भेटीत पाचव्या जॉर्ज बादशहाला एक जोडी नजर केली, असे सांगतात. ‘मुधोळ हाउंड’ हे नाव तेव्हापासून रूढ झाल्याचे मानले जाते. पण मालोजीरावांनी ही कुत्री पाहिली ती बेडरांच्या जवळ. बेडर म्हणजे शिकारी. शिकार हीच त्यांची वृत्ती. मुधोळ संस्थानातल्याच हलगलीच्या बेडरांनी १८५७ साली इंग्रजांच्या निःशस्त्रीकरणाच्या हुकुमाला नकार दिला. ज्याचे पोट हत्यारावर, त्याने हत्यार सरकारजमा करायचे म्हणजे काय करायचे? नोव्हेंबरच्या अखेरीस फौज आली, गाव जाळले गेले, अनेकांना फाशी दिले. त्यांच्यावरची कानडी लावणी त्या मुलखात अजून गातात. हत्यार गेल्यावर शिकाऱ्याच्या हाती उरतो तो कुत्रा. ज्यांनी शतकानुशतके हा प्राणी जपला, त्यांची नावे कोणत्याही शिळेवर नाहीत, म्हणून हा उल्लेख.

आता नावाचा वाद. महाराष्ट्रात लातूर, नांदेड, धाराशिव या भागांत हाच कुत्रा ‘कारवान’ किंवा ‘कारवानी’ म्हणून ओळखला जातो. व्यापाऱ्यांच्या तांड्यांबरोबर, म्हणजे कारवानाबरोबर, तो पश्चिम आणि मध्य आशियातून आला, अशी परंपरा आहे. या परंपरेला एक आधार त्याच्या अंगावरच सापडतो. आखूड केसांचा तो कारवानी, आणि कानांवर नि शेपटीवर लांब रेशमी केसांची झालर असलेला तो ‘पश्मी’. पश्म म्हणजे फारसीत लोकर. इराण-अरबस्तानातल्या सलूकीतही असेच दोन प्रकार आढळतात. तेव्हा बाहेरचे रक्त आणि पठारावरची निवड अशा दोहोंतून ही जात झाली असावी, हे म्हणणे मला पटते. देशातल्या दोन श्वानसंस्थांपैकी केनेल क्लब ऑफ इंडियाने ‘कॅरॅव्हॅन हाउंड’ हे नाव स्वीकारले, तर इंडियन नॅशनल केनेल क्लबने ‘मुधोळ हाउंड’. मराठी माणूस एक नाव धरून बसतो, कानडी माणूस दुसरे. मुधोळ १९५६ पर्यंत मुंबई राज्यातच होते, हे दोघेही विसरतात. आणि कुत्र्याला तर सीमाप्रश्न ठाऊकच नाही. कर्नाल येथील राष्ट्रीय पशु आनुवंशिक संसाधन ब्यूरोने भारतीय कुत्र्यांच्या ज्या पहिल्या तीन जातींची नोंद केली, त्यांत तमिळनाडूच्या राजापालयम आणि चिप्पिपारै यांच्याबरोबर ही जात ‘मुधोळ हाउंड’ या नावाने आहे. मी आजच्या भाषणात तेच नाव वापरतो.

१९४८ साली संस्थान विलीन झाले आणि राजाश्रय संपला. त्याहून मोठा बदल १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने झाला. काळवीट, चिंकारा, ससा यांच्यामागे कुत्रा सोडणे हा गुन्हा ठरला. कायदा योग्यच होता. माळावरची काळविटे ज्यांनी पाहिली आहेत त्यांना त्याविषयी शंका येणार नाही. परंतु त्यामुळे या जातीपुढे एक चमत्कारिक प्रश्न उभा राहिला. ज्या कामाने तिला घडवले ते काम नाहीसे झाले. टेरिअरच्या बाबतीत हेच विलायतेत घडले, आणि तिथे काय झाले ते ठाऊक आहे. कित्येक जाती प्रदर्शनाच्या मंचावर शोभेच्या वस्तू बनल्या, आणि काही तर संख्येने इतक्या रोडावल्या की त्यांच्या रक्षणासाठी याद्या कराव्या लागल्या. मुधोळचे काय होणार, हा प्रश्न अजून सुटलेला नाही.

उपाय झाले नाहीत असे नाही. मुधोळ तालुक्यात तिम्मापूर येथे, बीदरच्या पशुवैद्यक विद्यापीठाच्या देखरेखीखाली, श्वानसंशोधन व माहिती केंद्र चालते; तिथे पैदास होते, आणि आसपासच्या शेतकऱ्यांना मार्गदर्शन मिळते. २००५ च्या जानेवारीत टपालखात्याने चार भारतीय जातींची तिकिटे काढली, त्यांत मुधोळ होता. २०१६ साली मीरतच्या सैनिकी पशुवैद्यक केंद्रात मुधोळची पिल्ले शिक्षणासाठी गेली. २०२० च्या ऑगस्टमध्ये पंतप्रधानांनी आपल्या नभोवाणीवरील भाषणात या जातीचे नाव घेतले. २०२४ च्या मार्चमध्ये केंद्र सरकारने तेवीस परदेशी जातींवर निर्बंध घालणारे परिपत्रक काढले, त्यांत काही टेरिअरही होते. एप्रिलमध्ये कर्नाटक उच्च न्यायालयाने ते रद्द केले, पण दरम्यान ‘परदेशी नको, देशी पाळा’ ही घोषणा घरोघर पोचली. या सर्वांचा एकत्रित परिणाम बंगळूरच्या रस्त्यावर दिसतो. दहा वर्षांपूर्वी ज्यांनी मुधोळ हे नाव ऐकले नव्हते ते आज तिसऱ्या मजल्यावरच्या सदनिकेत मुधोळचे पिल्लू आणतात. आणि पिल्लू एक वर्षाचे झाले की, दिवाणखान्यातले सोफे फाटू लागतात, शेजाऱ्यांची मांजरे नाहीशी होऊ लागतात, आणि मग प्राणी-आश्रयगृहाला दूरध्वनी जातो.

देशाभिमानाने कुत्रा पाळू नये, असे माझे स्पष्ट मत आहे. कुत्रा पाळावा तो त्या कुत्र्याला काय हवे हे समजून. मुधोळला काय हवे हे कळायचे तर त्याचे शरीर नीट पाहिले पाहिजे. नराची खांद्यापाशी उंची साधारण ६८ ते ७२ सेंटिमीटर, मादीची ६४ ते ६८. वजन मात्र अवघे २० ते २८ किलो. डोके लांब आणि निमुळते, छाती खोल, पोट पाठीला लागलेले, कंबर बारीक पण कमानीसारखी, शेपूट बुडाशी जाड आणि टोकाकडे निमुळते. कातडी अंगाला घट्ट बसलेली. शेवटच्या दोन-तीन बरगड्या मोजता येतात. पाळणाऱ्याला रस्त्यावर हमखास ऐकावे लागते, ‘अहो, याला खायला घालत नाही का?’ घालतो, पण याच्या अंगावर चरबी चढवणे म्हणजे शर्यतीच्या घोड्याला म्हशीची पेंड चारण्यासारखे आहे. हा कुत्रा पूर्ण वेगाने धावतो तेव्हा एका ढांगेत दोनदा त्याचे चारही पाय जमिनीवरून सुटलेले असतात: एकदा पाय पोटाखाली गोळा झालेले असताना, आणि एकदा अंग पूर्ण ताणलेले असताना. सामान्य कुत्र्याची चौखूर दौड अशी नसते. ही दुहेरी झेप ज्या स्नायूंनी आणि ज्या लवचीक कण्याने साधते, ते रोज वापरले नाहीत तर कुत्र्याचे शरीरही बिघडते आणि मनही.

म्हणून पहिली गरज धावण्याची. पट्टा धरून लालबागेला एक फेरी मारणे हे चालणे झाले, धावणे नव्हे. त्याला दिवसातून एकदा तरी, आणि निदान आठवड्यातून तीन-चार वेळा, कुंपण घातलेल्या मोकळ्या जागेत सुटे सोडता आले पाहिजे. कुंपण हा शब्द मी मुद्दाम वापरतो. समोर काही पळाले की या कुत्र्याचे कान बंद होतात. तुमची हाक त्याला ऐकू येत नाही असे नव्हे, त्या क्षणी तिला अर्थ उरत नाही. बंगळूरच्या वर्तुळमार्गावर असे घडले तर काय होईल ते सांगायला नको. कुंपण सहा फुटांचे असावे. चार फुटांचे कुंपण हा त्याच्या दृष्टीने उंबरठा आहे. ज्याला अशी जागा मिळण्यासारखी नाही, त्याने मुधोळ पाळू नये. त्याच्यासाठी रस्त्यावरचे एखादे गावठी पिल्लू फार उत्तम. त्याचेही आयुष्य सुधारेल.

दुसरी गोष्ट स्वभावाची, आणि इथे बहुतेकांची फसगत होते. मुधोळला लोक राखणदार समजून घेतात. तो सावध असतो, अनोळखी माणसाची चाहूल त्याला आधी लागते, पण ऊठसूट भुंकणे त्याच्या रक्तात नाही. तो भिडस्त आहे. परक्याने डोक्यावर हात फिरवायला पुढे केला तर तो बाजूला सरतो. तरीही हात पुढे आला तर गुरगुरतो. आणि मग लोक म्हणतात, कुत्रा चावरा आहे. चावरा नव्हे, तो मानी आहे. धनी एक मानला की त्याच्याशी इमान ठेवतो, पण लॅब्रडॉरप्रमाणे सर्वांचे पाय चाटत हिंडत नाही. शिक्षा तर त्याला बिलकुल सोसत नाही. जर्मन शेफर्डला शिकवण्याच्या कडक पद्धतीने मुधोळला शिकवू गेले तर तो आज्ञा पाळत नाही. कोपऱ्यात जाऊन बसतो, आणि दिवसभर तुमच्याकडे पाहत नाही. त्याचा विश्वास परत मिळवायला मग आठवडे लागतात. माळावर हा कुत्रा धन्यापासून लांब, स्वतःच्या अकलेने काम करणारा होता. दर पावलाला मागे वळून आज्ञा विचारणारा कुत्रा ससा कधीच पकडू शकला नसता. जो स्वभाव आपण हट्ट म्हणून दोष देतो, तो त्याच्या कामाचाच भाग आहे. थोडे थोडे, दहा-दहा मिनिटे, खाऊ देऊन आणि गोड बोलून शिकवले तर तो सगळे शिकतो. पिल्लू दोन-तीन महिन्यांचे असल्यापासून त्याला माणसे, मुले, रिक्षा, लिफ्ट, कुकरची शिट्टी या सर्वांची सवय करावी. पुढे ते काम दसपट अवघड होते.

लहान मुलांशी तो सौम्य वागतो, पण झोपेत अंगावर पडणारे मूल त्याला चालत नाही. मांजर, ससे, पाळीव पक्षी असलेल्या घरात त्याला आणणे म्हणजे त्या प्राण्यांवर अन्याय.

आहाराचे फार स्तोम माजवू नये. मुधोळच्या मुलखात ज्वारीची भाकरी, मक्याच्या पिठाची लापशी, दूध, अंडे आणि अधूनमधून मांस यांवर ही कुत्री पिढ्यान्‌पिढ्या वाढली. शहरात तयार खाद्य दिले तरी हरकत नाही, फक्त मांसाचा भाग पुरेसा असावा. पिल्लाला दिवसातून चार वेळा, वर्षाच्या कुत्र्याला दोन वेळा. छाती खोल असलेल्या कुत्र्यांमध्ये जेवणानंतर लगेच धावल्याने पोटाला पीळ पडण्याचा धोका असतो, आणि तो काही तासांत जीव घेतो. म्हणून आधी धावणे, मग विश्रांती, मग जेवण. चॉकलेट, द्राक्षे, मनुका, कांदा हे कोणत्याही कुत्र्याला विषच. पाहुण्यांना हे आधीच सांगून ठेवावे.

अंगावर ना चरबी ना दाट केस, म्हणून त्याला फरशी बोचते. कोपरांना घट्टे पडतात, कधी त्यांत पाणी साचते. जाड गोधडी किंवा गादी हवी. बंगळूर समुद्रसपाटीपासून सुमारे ९०० मीटर उंचीवर आहे. इथला उन्हाळा त्याला मुधोळपेक्षा सुखाचा, पण डिसेंबर-जानेवारीच्या रात्री त्याला अंगावर काही घालावे लागते. केसांची निगा जवळपास नाहीच: आठवड्यातून एकदा ओल्या फडक्याने पुसले, नखे कापली, दात पाहिले की झाले. पश्मीच्या झालरीला मात्र फणी लागते. गोचिडांवर सतत लक्ष ठेवावे, कारण गोचीडतापाने या शहरात फार कुत्री जातात. ताप, भूक मंदावणे, हिरड्या फिकट पडणे यांपैकी काहीही दिसले तर दोन दिवस वाट पाहण्यात अर्थ नाही. पार्व्हो, डिस्टेंपर आणि रेबीज यांच्या लसी वेळच्या वेळी द्याव्यात.

एक गोष्ट मात्र प्रत्येक मुधोळ पाळणाऱ्याने कागदावर लिहून कुत्र्याच्या नोंदवहीत ठेवावी. शस्त्रक्रियेच्या वेळी द्यायच्या भुलीच्या औषधांपैकी थायोपेंटोन आणि त्याच्या वर्गातली औषधे ग्रेहाउंडसारख्या धावणाऱ्या कुत्र्यांच्या शरीरातून फार सावकाश बाहेर पडतात. इतर कुत्र्यांत हे औषध चरबीत मुरते. यांच्या अंगात चरबीच नाही, आणि यकृतही ते हळू जिरवते. परिणामी कुत्रा तासन्‌तास शुद्धीवर येत नाही, आणि कधी येतच नाही. मुधोळच्या बाबतीतही हीच सावधगिरी बाळगणे शहाणपणाचे. नसबंदीसारख्या साध्या शस्त्रक्रियेच्या आधीही पशुवैद्याला ‘हा मुधोळ आहे, भूल त्या हिशेबाने द्या’ असे सांगण्यात संकोच करू नये. हेब्बाळ येथे १९५८ पासून पशुवैद्यक महाविद्यालय आहे. शंका असेल तर तिथे विचारता येते.

आता पिल्लू आणावे कुठून? जाहिराती पाहून, रेल्वेने खोक्यात पाठवून घेतलेले पिल्लू घेऊ नये. एक तर ते महिन्याभराचेच असते. आठ आठवड्यांच्या आत आईपासून तोडलेल्या पिल्लाचा स्वभाव पुढे घाबरट होतो, आणि भिडस्त जातीत तो घाबरटपणा दुप्पट होतो. दुसरे म्हणजे, मागणी वाढल्यापासून या जातीत भेसळ होऊ लागली आहे. शर्यतीच्या हौसेने काही जण ग्रेहाउंडचे रक्त मिसळतात. असे पिल्लू सपाटीवर अधिक जोरात पळेलही, पण मूळ मुधोळची ताकद निव्वळ वेगात नाही. दगडधोंड्यांच्या माळावर, उन्हात, ठेचाळत न पडता मैलन्‌मैल टिकणे ही ती ताकद. घट्ट तळवे, कडक नखे, थोडे अन्न. ही ताकद एकदा रक्तातून गेली की प्रदर्शनातल्या बिल्ल्याने परत येत नाही. शेतकरी आणि बेडर कुटुंबांना पिल्लांचे पैसे मिळू लागले, ही गोष्ट मला वाईट वाटत नाही. हातावर पोट असणाऱ्या माणसाने आपल्या कुत्रीच्या एका वेतावर मुलाच्या शाळेचा खर्च भागवला तर त्यात गैर काय? पण माजावर आली की दर वेळी पिल्ले, हा व्यवहार कुत्रीला पोखरून काढतो, आणि तशा मादीची पिल्ले अशक्त निपजतात. दोन वेतांमध्ये निदान वर्षाचे अंतर ठेवणारा माणूस शोधावा, आणि त्याने दोन पैसे जास्त मागितले तर द्यावे.

मुधोळला जायचे तर तिम्मापूरच्या केंद्रात नाव नोंदवून थांबण्याची तयारी ठेवावी. मराठवाड्यात ज्यांचे येणेजाणे आहे, त्यांनी मार्गशीर्षात नांदेड जिल्ह्यातल्या माळेगावच्या खंडोबाची यात्रा गाठावी. घोडे, गाढवे, लाल कंधारी बैल यांच्या बाजाराबरोबर तिथे श्वानप्रदर्शनही भरते. खंडोबाचे वाहन घोडा आणि सोबती कुत्रा, तेव्हा या यात्रेत कुत्र्याला मान असणे स्वाभाविकच. साताऱ्याजवळ संगम माहुलीला शाहूमहाराजांच्या खंड्या कुत्र्याची समाधी दाखवतात. त्याचेही नाव या देवावरूनच आले असावे.

यात्रेत गेल्यावर पिल्लाकडे नंतर पाहावे, आधी त्याची आई पाहायला मागावी. आई दाखवायला जो कां कूं करतो त्याच्याकडून घेऊ नये. आई दाखवली तर तिला हात लावू नये. दहा-बारा पावलांवर उभे राहावे, आणि धन्याला तिला सोडून थोडे दूर चालत जायला सांगावे. ती तुमच्याकडे एकदा पाहील, मग धन्याकडे. घाबरून शेपूट पायांत घालणारी नको, आणि उगाच तुमच्या अंगावर धावून येणारीही नको. जी स्वस्थ उभी राहते, दूर माळावर काय हलते आहे ते पाहते, आणि धन्याने हाक मारल्यावर न घाईने, न रेंगाळता त्याच्याकडे जाते, तिचे पिल्लू घ्यावे. घेतल्यावर त्याच दिवशी त्याच्या आईच्या अंथरुणातला एखादा फाटका कपडा मागून घ्यावा. बंगळूरपर्यंतचा प्रवास लांबचा आहे, आणि पहिल्या आठ-दहा रात्री पिल्लू त्याच कपड्यावर झोपेल.